अगस्त्याचे शिंतोडे

आधी दिवाळ्याच्या मावशीचं सांगते. दिवाळे या खाडीकाठच्या कोळीवाड्यातून मासळीची पाटी घेऊन ती आमच्या नेरूळच्या सोसायटीत यायची. नव्वद-पंच्याण्णवच्या आसपासच्या एका गणपतीत तिनं तोंड उघडलं नसतं, तर मला परभणीची गाडी धरावी लागली असती. तिचं माझं नातं काही नाही. आता झालं काय ते ऐका.

मी सहावीतून शाळा सोडलेली. बहिणीच्या घरी राहायचे आणि तिच्या बिल्डिंगच्या जिन्याखाली मशीन टाकून ब्लाउज, फॉल-पिको करायचे. जागा सोसायटीची, परवानगी सेक्रेटरींची, तीही तोंडी. दर रविवारी ते आठवण करून द्यायचे, "बाई, काम नीट असेल तोवर हं." आणि मेव्हण्यांनी सांगून ठेवलेलं, मशीन उठलं की तूही गावी. त्यामुळे सेक्रेटरींची चप्पल जिन्यात वाजली तरी माझी सुई बोटात घुसायची.

त्या वर्षी मंडळानं ‘ब्रह्मांडदर्शन’ देखावा ठरवला. गणपतीच्या मागच्या काळ्या मखमली पडद्यावर मी टिकल्या आणि जरीनं एक तेजोमेघ काढायचा होता. तिसऱ्या मजल्यावरच्या इंजिनिअरसाहेबांनी विज्ञानाच्या मासिकातली चार पानं आणून दिली. "यातलं कुठलंही एक काढा. ढगच असतो तो, पण आकाशातल्या धुळीचा. सहावीच्या मानानं एवढं पुरे." मी मृग नक्षत्राचं पान घेतलं, कारण त्यातला धूर गुलाबी होता आणि माझ्याकडे गुलाबी रेशीम उरलेलं होतं.

मखमलीच्या लवेवर खडू उमटत नाही. म्हणून पान पडद्याच्या मागच्या बाजूला टाचलं आणि मागून टोचत टोचत नक्षी पुढं काढली. ब्लाउजवर नेहमी तसंच करायचे. पोपटाची चोच डावीकडं गेली काय नि उजवीकडं काय, कोण विचारतंय!

पडदा लागला तेव्हा श्रावण चालू होता. मासळीला गिऱ्हाईक कमी, म्हणून मावशी माझ्यापाशी टेकलेली. पडद्याकडं बघून म्हणाली, "बाय, ह्यो मिरग उलटा हाय गो. आमचे म्हाताऱ्याला ह्यो दावलास तं होरी घरा आनाचे ठिकानी उरनला न्हेल."

पान मागून टाचल्यानं डावं-उजवं बदललं, हे मला तेव्हा कळलं. तेवढ्यात इंजिनिअरसाहेब आले. कमरेवर हात ठेवून बघत राहिले. कुठलं पान मी घेतलं हे त्यांनी विचारलं नाही. मला कशाला विचारतील? "हा दक्षिण गोलार्धातला," ते म्हणाले. "आपल्याकडून दिसत नाही. फार दुर्मिळ."

सेक्रेटरी मागे होतेच. "दक्षिण म्हणजे अगस्त्य ऋषी! त्यांनी समुद्र प्यायला तेव्हा जे शिंतोडे उडाले ना, तेच हे. आपल्या लोकांना सगळं ठाऊक होतं हो."

"वायू आणि धूळ आहे ती," इंजिनिअर म्हणाले.

"शिंतोड्यांचीच वाफ होते ना? मग?"

पाच दिवस हे चाललं. एकानं अंतर ठरवलं, दुसऱ्यानं पुराण. ‘अगस्त्य तेजोमेघ’ अशी पाटी रंगवून आली, पत्रकं वाटली गेली. जो मेघ कुणा माणसानं बघितला नव्हता, जो माझ्या टाचण्या चुकल्यामुळे जन्मला होता, त्याचं वय दोन शिकलेली माणसं छातीठोकपणे सांगत होती. मला हसू यायला हवं होतं. मी मात्र जेवतही नव्हते.

गणपतीच्या आदल्या दिवशी इंजिनिअरसाहेबांनी फाइलला लावायला पानं परत मागितली. लपवायचं धाडस मला झालं नाही. मृगाचं पान वर आलं. त्यांनी ते पडद्याजवळ धरलं, मान इकडे केली, तिकडे केली, आणि चेहरा उतरला.

"अहो, हा मृगच आहे. हिनं उलटा काढलाय!"

पाच दिवस स्वतः काय बोललो ते दोघांनीही एका क्षणात पुसून टाकलं. सेक्रेटरी माझ्यावर धावून आले. "सोसायटीचं नाक कापलंत! पत्रकं वाटून झालीत, आता काय सांगायचं लोकांना? उचला ते मशीन. आत्ताच्या आत्ता!"

मावशी त्या दिवशी पाटी न घेता नुसती आरास बघायला आली होती. ती पुढं झाली.

"तिला कनाला वरडतंस, दादा? मीच सांगितला तिला. आमचे खारीचे पान्यान ह्यो असाच दिसतं."

मग इंजिनिअरसाहेबांचा चेहरा खुलला. "प्रतिबिंब! तरीच. मला पहिल्या दिवशीच शंका आली होती."

"आणि समुद्र म्हटल्यावर पाणी आलंच की!" सेक्रेटरी म्हणाले. "अगस्त्यांच्या ओंजळीतलं प्रतिबिंब. पाटीवर एक ओळ वाढवू."

पाण्यात माणूस डोकं खाली दिसतो, डावं-उजवं बदलत नाही, हे मी सहावीवाली बादलीत बघून सांगू शकले असते. त्या दोघांच्या घरात बादली नसावी. पाटीवर ओळ वाढली, दहा दिवस लोकांनी माझ्या गुलाबी रेशमाला हात जोडले, आणि सेक्रेटरींनी भाषणात विज्ञान आणि पुराण यांचा संगम झाल्याचं जाहीर केलं. जिन्याखालच्या मशीनचा विषय पुन्हा निघाला नाही.

नंतर मी मावशीला विचारलं, "माझ्यासाठी खोटं कशाला बोललीस गं?"

"त्ये पाच दिस बोल्ले, मी एकदा बोल्ले," ती म्हणाली आणि पान लावायला बसली.

मी भित्री ती भित्रीच आहे. अजून कुणासाठी पुढं होऊन एक शब्द बोललेले नाही. पण मावशीवर कुणी असं ओरडेल, त्या दिवशी समोर कोण आहे ते न बघता मी बोलणार. तिचे उपकार मला असेच फेडायचेत, आणि मी ते फेडीन.