सिंगापुरात ऐकलेली खालतीच्या गावची अरबी

जानेवारीत सिंगापूरला जाऊन आले. मरीना बे, सेंटोसा, युनिव्हर्सल स्टुडिओ यांतलं काहीही मी पाहिलं नाही, हे आधीच सांगते. ते शोधत इथवर आला असाल तर निराशा होईल. मी गेले होते एका म्हाताऱ्या पॅलेस्टिनी बाईशी बोलायला.

माझं लहानपण कुवेतमध्ये गेलं. आई तिथे नर्स होती, बाबा एका कंपनीत सुपरवायझर. आईची ड्यूटी दुपारची असली की शाळा सुटल्यावर मी वरच्या मजल्यावर उम्म खालिदकडे जायची. तिला मी खालती म्हणायचे. खालती म्हणजे माझी मावशी. आईला गंमत वाटायची, "राहते वर आणि म्हणे खालती." खालतीची मुलगी समीरा माझ्याच वयाची. अरबी मला कोणी शिकवली नाही. खालतीच्या स्वयंपाकघरात बसून ती आपोआप तोंडात बसली. मी दहा वर्षांची असताना युद्ध आलं. आम्ही पुण्याला परतलो, ते अम्मानला गेले आणि पत्ते हरवले.

पंचवीस वर्षांनी फेसबुकवर समीरा सापडली, ती सिंगापुरात. नवरा इंजिनिअर, एक मुलगी. तिने इंग्रजीत लिहिलं, "आई सध्या माझ्याकडे आहे. महिनाअखेर माझ्या भावाकडे अम्मानला जाईल. तुझी फार आठवण काढते. यायचं तर आत्ता ये." मी त्याच आठवड्यात मुंबईहून तिकीट काढलं. व्हिसा एजंटकडून चार-पाच दिवसांत आला.

हॉटेलांचे दर पाहून माझा चुलतभाऊ नितीनदादा याच्याकडे उतरले. तो आयटीत आहे, सेंगकांगला राहतो. घराच्या खिडकीसमोरून चिमुकली एलआरटी रेल्वे जाते आणि खाली हॉकर सेंटर, म्हणजे खाण्याच्या टपऱ्यांचा बाजार. सकाळी काया टोस्ट, म्हणजे नारळाचा गोड जॅम लावलेला पाव, आणि कोपी, म्हणजे तिथली कॉफी, तीन-चार डॉलरांत होते, शाकाहारी असाल तरी उपाशी राहणार नाही. प्रवासाचं कार्ड विमानतळावरच घ्या, बस आणि एमआरटी, म्हणजे मेट्रो, दोन्हीला चालतं. समीरा राहते त्या बुकित तिमाहला पूर्वी बसच बरी पडायची, पण नवी डाउनटाउन लाइन नुकतीच सुरू झाली आहे. सेंगकांगहून लिटल इंडियाला जायचं आणि तिथे गाडी बदलायची. दादाने हे मला तीनदा समजावलं, तरी मी उलट्या दिशेला बसले.

समीराच्या कॉन्डोच्या गेटवर ती स्वतः उभी होती. आम्ही मिठी मारली आणि इंग्रजीत बोलायला लागलो. वर गेलो. खालती बाल्कनीत खुर्चीवर बसली होती. डोक्याला पांढरा रुमाल, अंगाने निम्मी झालेली. तिने माझ्याकडे निरखून पाहिलं.

"चीफ हालिच, यम्मा?"

कशी आहेस, बाळा. प्रवासात मी मनात कितीतरी वाक्यं जुळवली होती, ती सगळी विसरले. तोंडातून जे आलं ते त्या स्वयंपाकघरातलं होतं. खालतीने माझे दोन्ही हात धरले आणि बोलायला सुरुवात केली ती जेवणापर्यंत थांबली नाही. मला निम्मं कळत होतं. उरलेलं मी तिच्या चेहऱ्यावरून घेत होते.

"तू कशी बोलतेस माहीत आहे?" जेवताना समीरा हसत म्हणाली. "खेड्यातल्या बाईसारखी. माझ्या पणजीसारखी."

मग तिने मला जे समजावलं ते लहानपणी मला कधी कळलं नव्हतं. हृदयाला पुस्तकी अरबीत 'कल्ब' म्हणतात, आणि त्यातला क घशातून खोल काढतात. जेरुसलेम, नाब्लुससारख्या शहरांत तो क गिळूनच टाकतात, 'अल्ब' म्हणतात. बैरूत, दमास्कसकडेही तसंच. जॉर्डनमधले बदू, म्हणजे वाळवंटातले भटके, 'गल्ब' म्हणतात. आणि रामल्लाजवळच्या खेड्यांत, म्हणजे खालतीच्या गावात, अगदी आपल्या साध्या क सारखा 'कल्ब'. घोटाळा असा की शहरात साध्या क चा 'कल्ब' म्हणजे कुत्रा. खेड्यातल्यांना अडचण येत नाही, कारण कुत्र्याला ते 'चल्ब' म्हणतात. आपल्या चारमधला च. चीफ हालिचमधला तोच.

"आणि तू?" मी विचारलं.

"मी अल्ब म्हणते," समीरा म्हणाली. "मला आठवतं तेव्हापासून."

दुसऱ्या दिवशी आम्ही तिघी अरब स्ट्रीटला गेलो. बुगिस स्टेशनवरून चालत दहा मिनिटं, पण खालतीसाठी टॅक्सी केली. सुलतान मशिदीचा सोनेरी घुमट, गालिच्यांची आणि अत्तरांची दुकानं, सकाळी निवांत असतं. दुपारनंतर पर्यटकांची गर्दी होते. एका छोट्या लेबनीज हॉटेलात बसलो. हुमुस, फलाफल आणि गरम पाव चांगला, पण हॉकर सेंटरच्या मानाने तिप्पट महाग. मालक बैरूतचा होता. खालतीने त्याच्याकडे शहरी थाटात 'अहवे' मागितली, म्हणजे कॉफी. मी सवयीने 'कहवे' म्हणाले.

तो हातातला ट्रे ठेवून माझ्याकडे बघत राहिला. "हिंदुस्थानी बाईने हे कुठून आणलं? आमच्या घरामागे निर्वासितांची छावणी होती. तिथल्या म्हाताऱ्या असं बोलायच्या."

खालती खाली मान घालून ऐकत होती. मग हळूच म्हणाली, "माझ्याकडून आणलं." आणि पुढचा सगळा वेळ ती त्याच्याशी तिच्या गावच्या बोलीत बोलली. कुठलं गाव, कुठली छावणी, कोण कुठे गेलं. निघताना त्याने कॉफीचे पैसे घेतले नाहीत.

तिसऱ्या दिवशी शनिवार होता, म्हणून समीराची मुलगी लीनाही आली. ती नऊ वर्षांची आहे. आम्ही पुलाउ उबिन बेटावर गेलो. सिंगापुरात अजून खेडं बघायचं असेल तर इथे जा. बसने चांगी व्हिलेज, तिथल्या हॉकर सेंटरमध्ये आधी पोटभर नासी लेमाक, म्हणजे नारळाच्या दुधातला भात, खाऊन घ्या, मग धक्क्यावरून लाकडी होडी. बारा माणसं जमली की ती सुटते, माणशी साधारण तीन डॉलर. पलीकडे पत्र्याची घरं, भाड्याच्या सायकली, शहाळी. खालतीला चढउतार जमण्यासारखा नव्हता, म्हणून आम्ही धक्क्याजवळच एका झाडाखाली बाकावर बसलो.

समोरून एक कोंबडा तुरा हलवत गेला.

"दीच," खालती म्हणाली.

लीना हसायला लागली. "दीच? मम्मी दीक म्हणते. चिकन लाह, ग्रँडमा."

खालतीला हे सिंगापुरी 'लाह'वालं इंग्रजी कळत नव्हतं, पण हसणं कळलं. ती माझ्याकडे वळली. गावात त्यांच्या घरी असाच एक कोंबडा होता, तो फक्त तिच्या धाकट्या बहिणीला चोच मारायचा, बहीण चिंचोळ्या गल्लीतून ओरडत पळायची आणि सगळं गाव दारात येऊन बघायचं. मी लीनाला इंग्रजीत सांगत गेले. लीना माझ्या तोंडाकडे बघत होती आणि समीरा आईच्या.

गोष्ट संपल्यावर समीरा म्हणाली, "हे तू मला कधी सांगितलं नाहीस."

"सांगितलं असेल."

"नाही, आई. तू माझ्याशी फार बोलायचीच नाहीस. मला वाटायचं तू माझ्यावर रागावलेली असतेस. वर आलं की विनया तुझ्या मांडीवर आणि मी अभ्यासाला."

खालतीने नजर होड्यांकडे वळवली. मग तिने सांगितलं. समीरा पहिलीत असताना वर्गात उभी राहून काहीतरी वाचत होती. 'माझं हृदय' म्हणताना घरचा उच्चार तोंडून निघाला. मुली भुंकायला लागल्या. समीरा रडत घरी आली. त्या दिवसापासून खालतीने मुलांसमोर गावचं बोलणं बंद केलं. शेजारी जेरुसलेमच्या बायका राहायच्या, त्यांच्याकडून ऐकून ऐकून ती शहरी बोलायला शिकली. नवऱ्याशी आणि माझ्याशी तेवढं आपलं बोलायची.

"फीनूला कोण चिडवणार होतं?" ती म्हणाली. फीनू म्हणजे मी, विनया तिला कधीच म्हणता आलं नाही. "ती कशीही बोलली तरी हिंदुस्थानीच. तुझ्याशी बोलताना मला शब्द शोधावे लागायचे, यम्मा. शोधता शोधता सांगायचं राहून जायचं."

समीराला तो भुंकण्याचा दिवस आठवतही नव्हता.

"मग आता बोल ना," ती म्हणाली. "आता मला कोण चिडवतंय? तसंच बोल माझ्याशी."

खालतीने प्रयत्न केला. लेकीकडे बघून तिने दोन-तीन शब्द उच्चारले आणि थांबली. प्रत्येक शब्द शहरी येत होता. तिने पुन्हा केला. मग हात हलवून म्हणाली, "तुझं तोंड दिसलं की जीभ तिकडेच वळते. तीस वर्षांची सवय." समीराने डोळ्यांवर गॉगल चढवला आणि लीनासाठी शहाळं आणायला गेली.

परतीच्या होडीत खालती माझ्या शेजारी बसली होती. मी मुद्दाम उठले आणि समीराला तिथे बसवलं. दोघी हातात हात घालून बसल्या.

शेवटच्या संध्याकाळी दादा-वहिनी मला ईस्ट कोस्टला फिरायला घेऊन गेले. समीराला मी फोन केला होता, पण खालतीचे गुडघे धरले होते. म्हणून निरोप फोनवरच झाला. "पुढच्या वेळी अम्मानला ये," खालती म्हणाली. मी हो म्हटलं. समुद्रात मालवाहू जहाजं ओळीने उभी होती, वहिनी साटेच्या, म्हणजे तिथल्या कबाबांच्या, काड्या माझ्या ताटात वाढत होती, आणि मी विमानाची वेळ बघत होते. एक दिवस वाढवता आला असता. रजा शिल्लक होती.

मे महिन्यात खालती अम्मानला, मुलाकडे असतानाच वारली. झोपेतच. समीराने आठवड्याने फोन केला. सुरुवातीला ती नेहमीसारखी इंग्रजीत बोलली. मग म्हणाली, "आई जेवायला कशी बोलवायची, ते सांग. तुझ्यासारखं."

मी सांगितलं. तिने माझ्यामागे म्हटलं. पुन्हा म्हटलं. उच्चार बरोबर होता.

"जमत नाही," ती म्हणाली. "मी तिची नक्कल करतेय असं वाटतं. त्या वर्गातल्या मुलींसारखी."

आता ती अधूनमधून फोन करते आणि एखादा शब्द विचारते. दरवाजा लाव. हात धू. पाय घसरेल, जपून. हे सगळं मला येतं. मागच्या आठवड्यात तिने विचारलं, "माझं चुकलं, असं आई कसं म्हणाली असती?"

मी खूप आठवून पाहिलं. मला येत नव्हतं. दहा वर्षांच्या मुलीला खालती असं कशाला म्हणाली असती?