दोन डोळ्यांवरची छाटणी

माझा थोरला दीर मला कधीच आवडला नाही. आयुष्यभर त्याच्यासमोर डोक्यावरचा पदर ढळू दिला नाही, पाठीमागे बोलतानासुद्धा अहो-जाहो केलं. आता तो नाही आणि माझंही फारसं काही उरलेलं नाही, तेव्हा इथे तरी मी त्याला अरे-तुरेच करणार आहे.

हल्ली नाशिकच्या बाजूला वाईनचे कारखाने झालेत. पुण्या-मुंबईची माणसं मोटारी भरभरून द्राक्षांचे मळे बघायला जातात, पेल्याला नाक लावतात, घोट जिभेवर घोळवतात आणि आपला देश या धंद्यात अजून नवा आहे, असं एकमेकांना ऐकवतात. मला चीड येते. हेच सगळं मी चाकणजवळच्या निघोज्यात लग्न होऊन आल्या-आल्या ऐकलं होतं, तेही दारूबंदीच्या दिवसांत, आणि ते सांगणारा गोठ्यात म्हशीची धार काढत बसलेला असायचा.

दीर दुसऱ्या महायुद्धात इटलीला होता. हवालदार होऊन परत आला. तो तिकडे असतानाच त्याची बायको वारली, त्यानंतर त्याने दुसरं लग्न केलं नाही. गावाकडे येताना त्याने एक ढगळा कोट आणला आणि इटली आणली. कोट लवकर फाटला. इटली मात्र रोज जेवणाच्या पंगतीला असायची. तिकडे टेकड्याच्या टेकड्या द्राक्षांच्या, तिकडचा शेतकरी भाकरीबरोबर पाण्यासारखी वाईन पितो, म्हातारी बाईसुद्धा पिते आणि कुणी झिंगत नाही.

"कापड आपलं झालं, मीठ आपलं झालं," तो म्हणायचा, "मग वाईनच परक्याची का? ही दारूबंदी काय जल्माला पुरनार हाय? उठली की बघा, आमी तयार असाया पायजे."

"जेव गुमान," सासूबाई म्हणायच्या. सासरे नव्हते, घर त्यांच्या शब्दावर चालायचं.

माझं माहेर नाशिककडचं, द्राक्षवाल्याचं. म्हणूनच मी या घरात आले. मुलगी बघायला आला तेव्हा दीर माझ्याकडे कमी आणि आमच्या बागेकडेच जास्त बघत होता. ज्यांच्याशी माझं लग्न लागलं ते सायकलवरून पिंपरीला कंपनीत जायचे, शिफ्ट करून यायचे आणि झोपायचे. शेतातलं सगळं थोरल्याच्या हातात.

माझ्या वडिलांनी, म्हणजे आबांनी, भोकरी जातीच्या द्राक्षाच्या काड्या स्वतः आणून लावल्या. ओल्या गोणपाटात गुंडाळलेला तो भारा त्यांनी एसटीत मांडीवर धरला होता, खाली ठेवला नव्हता. इंद्रायणीकाठच्या गाळाच्या जमिनीत त्यांनी पांगाऱ्याचे खांब रोवून घेतले, वेल चढवायची रीत दाखवली. आणि दिराला तोंडावर सांगितलं की ही खायची द्राक्षं आहेत, वाईनची नव्हेत. "दौलताबादचं द्राक्ष येगळं, नाशकाचं येगळं, जुन्नराकडचं येगळं. माती बदलली की फळ बदलतं, हवालदार. तुमचं इटलीचं हितं कुठून यायचं?" दिराने मान डोलावली आणि ऐकलं काहीच नाही.

द्राक्षाची छाटणी वर्षातून दोनदा होते. चैत्रात एकदा खरडून काढायची आणि अश्विनात दुसरी, फळासाठी. या दुसऱ्या छाटणीत काडीवर किती डोळे राखायचे, म्हणजे फुटव्याचे उंचवटे किती ठेवून वरचं कापायचं, यावर वर्षाचा माल ठरतो. भोकरीचा घड काडीच्या बुडाशी नसतो, जरा वर असतो. आबा पाच डोळे ठेवायचे. लहानपणापासून मी त्यांच्या मागे कापलेल्या काड्या गोळा करत फिरले होते, मला हे अंकलिपीच्या आधी आलं. पहिल्या फळछाटणीला आबा निघोज्याला आले, पाच डोळ्यांवर बाग कापून गेले, आणि फाल्गुनात वेल घडांनी वाकले. गावची माणसं बांधावर उभी राहून बघून जायची. मला तेव्हा इतका अभिमान वाटला की विहिरीवर पाणी भरायला जातानासुद्धा मी बागेकडून वळसा घेऊन जायचे.

त्यातली चार पाट्या द्राक्षं दिराने काढून घेतली. गुळाची काहील घासली, पाय धुतले आणि आत उभा राहून तुडवायला लागला. "देवाच्या फळावर पाय देतोस, मुडद्या!" म्हणून सासूबाईंनी कपाळ बडवून घेतलं. तो रस त्याने रांजणात भरून वैरणीच्या खोपटात लपवला. ऐन चैत्राचं ऊन. वर हा रोज झाकण काढून वास घ्यायचा. महिन्या-दीड महिन्याने चाकणहून त्याच्याबरोबर पलटणीत असलेला मेकॅनिक दोस्त आला, चाचा म्हणायचो आम्ही त्यांना. दिराने पेला भरून दिला. चाचांनी एक घोट घेतला, तोंड वाकडं केलं आणि म्हणाले, "हवालदार, ह्याच्यात कांदा बुडवून खावा. आंबून शिरका झालाय."

मी दाराआड होते. मला हसू फुटलं आणि ते बाहेर ऐकू गेलं. तिथेच सगळं बिनसलं. दीर ताडकन उठला आणि दाराकडे तोंड करून ओरडला, "द्राक्षंच पानचट! हिच्या बापानं नासका माल आपल्या गळ्यात मारला, लेकीसकट!"

लेकीसकट. परक्या माणसासमोर. माझ्या आबांनी मांडीवर धरून आणलेल्या काड्यांना. त्या दिवसापासून मी त्याच्या ताटात भाकरी वाढली, पण तो उपाशी उठला असता तर मला वाईट वाटलं नसतं. पिंपरीतून आलेल्या घरधन्याला सगळं सांगितलं, तर ते म्हणाले, "दादाच्या तोंडाला नको लागू." म्हणजे तिथेही भिंतच.

त्या सुमाराला पिंपरीकडे कारखाने आणि चाळी उठत होत्या, विटा कितीही भाजा, पुरत नव्हत्या. वीटभट्टीवाले नदीकाठची गाळाची माती मागत गावोगाव फिरत होते. आमच्याकडेही आले. सासूबाईंनी त्यांना थांबवलं आणि घरात जाहीर केलं, "यंदा माल आला तर बाग ऱ्हाईल. न्हाई आला तर माती भट्टीला. मला ही थेरं बास झाली." त्या वर्षी अश्विनात आबा हिवतापाने अंथरुणाला खिळले होते. येणं जमत नाही, असा निरोप आला. दिराने कात्री हातात घेतली.

आमच्याकडे धाकटी सून थोरल्या दिराशी बोलत नसे. काही सांगायचंच झालं तर सासूकडे बघून मोठ्याने म्हणायचं, "आत्याबाई, त्यांना सांगा," आणि तो बाजूलाच उभा राहून ऐकायचा. वाट होती, बंद नव्हती. मी त्या सकाळी न्याहारी घेऊन बागेत गेले. सासूबाई बांधावर शेंगा तोडत होत्या. दीर पहिल्या वेलीपाशी कात्री घेऊन उभा होता, पण कापत नव्हता. काडी हातात धरून खालून वर बघत होता.

"आई," तो म्हणाला, "तिला इचार, तिचा आबा किती डोळं ठेवायचा?"

मी पाटी डोक्यावरून उतरवली आणि पदर नाकापर्यंत ओढला.

"अगं, इचारतोय त्यो," सासूबाई म्हणाल्या.

त्याने पुन्हा विचारलं. आवाज नेहमीचा नव्हता, खालचा होता. इटलीचं नावही घेतलं नाही. गर्विष्ठ माणूस अडला की कसा दिसतो ते मी पदराआडून बघत होते आणि मला ते पोटभर बघायचं होतं.

"मला न्हाई ठावं, आत्याबाई," मी म्हणाले. "बापई मानसांचं काम ते."

त्याने काडी पुन्हा हातात धरली. मग म्हणाला, "तिकडं दोनच ठेवायचे," आणि कात्री चालवली. पहिली काडी खाली पडली तेव्हा मला बरं वाटलं. हे मी लपवणार नाही. भट्टीचं मला माहीत होतं, पण सासूबाई बोलतात तेवढं करत नाहीत अशी मी माझी समजूत घालून घेतली. मला त्याची गावात फजिती व्हायला हवी होती. संध्याकाळपर्यंत त्याने निम्मी बाग कापली, दुसऱ्या दिवशी उरलेली. दोन्ही दिवस मी न्याहारी नेली, आणि दोन्ही दिवस तोंड उघडलं नाही.

वेल फुटले झकास. पानांनी मांडव भरला. घड मात्र नाही. जिथे घड यायचा तिथे नुसते वेलीचे तणावे, कशाला तरी पकडायला निघालेले. बागेचं पुढे काय झालं ते आधीच सांगून टाकते: पौषात बैलांना साखळ्या जुंपून वेल मुळापासून ओढून काढले, पांगारे तोडले आणि दोन पुरुष खोल माती खणून नेली. पिंपरीच्या कुठल्या चाळीत ती बाग भिंत होऊन उभी आहे, मला ठाऊक नाही. सासूबाई बोलल्या तेवढं करणाऱ्या निघाल्या.

त्याआधी, दिवाळी होऊन गेल्यावर, आबा आले. तापाने निम्मे झाले होते, चाकणहून काठी टेकत चालत आले आणि घरात न शिरता थेट बागेत गेले. मी मागोमाग धावले. त्यांनी एक काडी हातात घेतली, कापलेल्या जागेवरून अंगठा फिरवला, डोळे मोजले. मग दुसरी काडी. मग तिसरी.

"तू हितंच हुतीस ना, बाई?"

"थोरल्या दिरापुढं मी कशी बोलनार, आबा?"

त्यांनी लगेच मान हलवली. "तुजा काय दोस," म्हणाले. "माजंच चुकलं. लेकीच्या तोंडाला कुलूप लावनाऱ्या घरात तुला दिली." त्यांचे डोळे भरून आले. त्या क्षणी तरी मी बोलायला हवं होतं. मी नाही बोलले, उलट मीही रडले.

दीर विहिरीवर मोटेचा दोर सारखा करत होता. आबा त्याच्यासमोर जाऊन उभे राहिले आणि आजारी माणसाला पेलवेल तेवढ्या आवाजात त्याला बोल बोल बोलले. द्राक्षवाल्याची पोर घरात असून तिला एक शब्द विचारावासा वाटला नाही, एवढा कसला माज, म्हणाले. दीर खाली मान घालून सगळं ऐकून घेत राहिला. मी हात जोडून देवाची विनवणी करत होते की याने नेहमीसारखं ओरडावं, शिवी द्यावी, इटली काढावी.

"इचारलं हुतं, आबा," तो म्हणाला. "दोनदा इचारलं. ठावं न्हाई म्हनाली."

आबा वळले. माझ्याकडे बघत राहिले. आणि मी, बापासमोर जन्मात कधी डोकं न झाकलेली, त्यांच्यासमोर पदर तोंडावर ओढून घेतला.