महिन्याला साबणाच्या बारा वड्या

हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या. मी सांगत असताना मधे हसलेलं मला चालत नाही.

साल सत्तरीच्या पुढचं. मी सोलापुरात कापडगिरणीत जॉबर होतो, म्हणजे कामगारांवरचा मुकादम. नवी पेठेमागच्या बोळात दोन खोल्या, माणसं पाच. थोरली पोरगी सुमन लग्नाला आलेली. करमाळ्याचं स्थळ चांगलं होतं. घरची जमीन, मुलगा मास्तर. रविवारी बघायला येणार होते.

बघायला येण्याआधी मुलाकडचे गुपचूप चौकशीला माणूस धाडतात. तो खरं कारण कधीच सांगत नाही. मी स्वतः त्यांच्याकडं बैल बघायच्या निमित्तानं जाऊन आलो होतो! मला कोण फसवणार?

गुरुवारी एक पँटवाला दारात उभा. हातात कागद.

"काका, साबणाच्या कंपनीतून आलोय. थोडी माहिती हवी होती. घरात माणसं किती?"

साबण म्हणे! मी लगेच ओळखलं.

"या, बसा! अगं, शिरा कर!"

बिचारा दचकलाच.

"अंगाच्या साबणाच्या वड्या महिन्याला किती लागतात?"

खरं म्हणजे एक. तीही झिजली की नवीला चिकटवायची.

"बारा," मी म्हणालो.

त्याची पेन्सिल थांबली. "पाच माणसांत?"

"स्वच्छतेची आवड हाय. लिहा."

"रेडिओ?"

"दोन."

"दिसत नाहीत?"

"दुरुस्तीला गेलेत."

"दोन्ही?"

"दोन्ही!"

शिरा संपवून तो उठला. दारात म्हणाला, "काळजी करू नका, काका. कंपनीत नावं वेगळी काढून कपाटात बंद करतात. पुढं नुसते आकडे जातात. तुमचं नाव कुणाला कळणार नाही."

 एवढा शिरा खाऊन हा सांगणारच नाही?

"अहो, कळू द्या की! करमाळ्यात तर जरूर सांगा."

"करमाळ्याला उद्याच चाललोय. पण नाव नाही सांगता येणार. नोकरी जाईल माझी."

उद्याच करमाळ्याला! आणखी काय पुरावा पाहिजे? मी डोळा मारला. घाबरून त्यानंही मारला.

बायको म्हणाली, "अवो, त्यो खरंच साबणवाला असंल तर?"

"तुला यातलं कळत न्हाय. गप बस."

रविवारी पाहुणे आले. मुलगा, त्याचे वडील आणि चुलते. पोहे झाले, सुमन सगळ्यांना चहा देऊन आत गेली. मी मिशीला पीळ देऊन वाट बघत बसलो. आता काढतील विषय.

चुलत्यांनी काढला.

"परवा आमच्याकडं एक साबणवाला आलता. मी म्हटलं, आमाला एक वडी पुरती. त्यो म्हणाला, सोलापुरात एका घरात पाच माणसांना बारा लागत्यात! नाव इचारलं तर सांगंना. लई पक्का गडी."

"बारा?" मुलाचे वडील म्हणाले. "माणसं हायत का म्हशी?"

सगळे खो खो हसले. आत सुमनही हसली.

आता तुम्हीच सांगा, मी काय करायला हवं होतं? हसायचं. बस्स. त्या पोरानं शब्द पाळला होता, माझं नाव कुणालाच ठाऊक नव्हतं.

पण म्हशी? माझ्या घरच्यांना?

मी ताडकन उठलो. "तोंड सांभाळून बोला, पाहुणे! म्हशी कुणाला म्हणता? आणि घरात दोन रेडिओ हायत, ते न्हाय सांगितलं त्यानं?"

 मुलाचे वडील चारी भिंतींवरनं नजर फिरवत रेडिओ शोधायला लागले. आतून बायकोनं कपाळावर हात मारलेला बाहेर ऐकू आला.

मग चुलत्यांना हसता हसता जो ठसका लागला, तो थांबेचना. डोळे पुसत त्यांनी मुलाकडं बघितलं. मुलानं मान डोलावली.

"पाहुणे, पोरगी पसंत हाय," चुलते म्हणाले. "पण लग्नाची बोलणी आमी वहिनींसंगं करणार. तुमी नुसतं बसायचं."

बसलो. अक्षता पडेपर्यंत तोंड उघडलं नाही.