उपडा ग्लास

पाण्यानं काठोकाठ भरलेला ग्लास टेबलावर उपडा. आत रुपयाचं नाणं. ती माझी टिप.

कॉलेजची पोरं भरल्या ग्लासावर कागद धरून तो उलटा ठेवायची आणि कागद अलगद ओढून घ्यायची. पाणी आतच राहायचं. मग दारात उभी राहून बघायची. मी ग्लास उचलला की पाणी टेबलभर, तिथून माझ्या पँटवर, तेही नको तिथं. पोरं खिदळायची. मी नाणं उचलायचो आणि हसायचो. वर म्हणायचो, "थँक्यू, साहेब." साहेब माझ्यापेक्षा सात-आठ वर्षांनी लहान.

ब्याण्णव-त्र्याण्णवला मी कराडात वेटर होतो. घरी बायको, एक पोरगी. मालक म्हणायचा, "पगार कमी हाय, पर टिप सगळी तुझी." हसणं हाही कामाचाच भाग, असं मी धरून चाललो होतो.

एका रविवारी वडूजहून आबा आला, माझा बाप. कोपऱ्यात चहा पीत बसला होता. त्याच्यासमोर हे झालं. भिजलेल्या पँटनं मी त्याच्याकडं वळलो, तेव्हाही माझ्या तोंडावर हसू तसंच होतं.

आबा हळूच म्हणाला, "पैसं उचललंस त्येचं काय न्हाई. हसलास का रं?"

बौद्ध झाल्यावर आबानं गावात दारोदार भाकरी मागणं सोडलं होतं. त्यापायी घरानं उपास काढले. आणि त्याचा पोरगा हा असा. लाज वाटली. पाण्याची नाही, त्या हसण्याची. किती दिवस हसत होतो मी. आबा चहाचे पैसे स्वतः देऊन निघाला. त्याला एस्टीपर्यंत सोडायला जायचं तोंड मला राहिलं नव्हतं.

पुढच्या रविवारी पुन्हा उपडा ग्लास. पोरं दारात. मी हात लावला नाही.

"टेबल मोकळं कर की रं," मालक गल्ल्यावरून ओरडला.

दाराकडं बघून म्हणालो, "ज्यानं ठेवलाय त्यानं सुलटा करावा."

शेवटी एक पोरगा आला, ग्लास उचलला. पाणी त्याच्या पँटवर सांडलं. कुणी हसलं नाही. मीही नाही. नाणं मी त्याच्या हातात दिलं.

महिनाअखेरीला मालकानं मला काढलं. आता सांगलीत दुसऱ्या हॉटेलात आहे. वेटरच आहे. टिप हातात दिली तर घेतो, टेबलावर ठेवली तरी घेतो.

माझं हसू मात्र त्यात मिळणार नाही.