गोठ्यामागची रानतुळस

मी एकदा एका नवरीला लग्नाच्या आदल्या दिवशी जाळलं. घाबरू नका, नवरी म्हणजे रानतुळशीचं झुडूप होतं. पण तिच्या आईनं मला कधी माफ केलं नाही, आणि ठीकच केलं.

आई म्हणजे माझी थोरली जाऊ, वच्छलाबाई. संग्रामपूरकडच्या आमच्या गावातून सातपुडा परसात आल्यासारखा दिसतो. खामगावची मॅट्रिक पास सून म्हणून मी तिथं मिरवत आले, तेव्हा त्या तिशीतल्या. विधवा, मूलबाळ नाही. सगळं घर त्यांच्या हातचं खायचं आणि त्यांचं तोंड टाळायचं. हळदीकुंकवाला बायका त्यांच्या दारावरून पुढं गेल्या की त्या आतून ओरडायच्या, “कुंकू नको बाप्पा! पन चहा उरला असंन तं धाडा इकडं!” सासूबाईंनी दटावलं तर म्हणायच्या, “नवरा गेला तं कुंकू गेलं. जीभ काऊन जाईन?” मी पदरात तोंड खुपसून हसायची. त्या स्वतः हसत नसत, हे बघायला मला फुरसत नव्हती.

कार्तिकात अंगणातल्या तुळशीचं लग्न लागे. पुरण वच्छलाबाई वाटत, अंगण त्या सारवत. कन्यादान मात्र सासू-सासऱ्यांचं. अंतरपाट धरला की सासूबाई म्हणत, “वच्छले, तू आत हो.” एका पावसाळ्यात त्या सरपणाला डोंगरात गेल्या आणि रानतुळशीचं रोप घेऊन आल्या. गोठ्यामागं लावलं. बघता बघता कमरेएवढं वाढलं. वास असा उग्र की गुरंही तोंड लावत नसत. मी नाक मुरडलं, तर म्हणाल्या, “हिलेबी कोनी अंगनात घेत नाही. राहू दे माह्यापाशी.”

त्या वर्षी मी पोटुशी होते आणि स्वतःला राणी समजत होते. करणी, नजर असल्या गोष्टींवर चारचौघींत भाषण देत होते, की हे सगळं अडाण्यांचं असतं. तुळशीच्या लग्नाच्या आदल्या संध्याकाळी शेणाची पाटी घेऊन गोठ्यामागं गेले. पाहते तर झुडपाला लाल चिंधी गुंडाळलेली, खोडाला हळद माखलेली, बुडाशी तांदूळ अन् सुपारी. माझं मॅट्रिक जे पळालं, ते थेट खामगावला! “करणी! माझ्या पोटावर करणी!” असं किंचाळत मी झुडूप उपटलं आणि आंघोळीच्या पाण्याच्या पेटत्या चुलीत कोंबलं.

वच्छलाबाई धावत आल्या तेव्हा पानं तडतडत होती.

“करनी नाही वो माय,” त्या माझा ओरडा ऐकून आलेल्या सासूबाईंना म्हणाल्या. “हळद लावली होती तिले. उद्या तुमचं आटपलं का मांगच्या मांगं लगन लावनार होतो. एक कन्यादान करावं वाटलं मले.”

“विधवेनं कन्यादान?” सासूबाई कडाडल्या. “पोटुशीवर डोळा ठेवून होती, असं सांग!”

मला तिथंच कळलं होतं. चिंधी त्यांच्या लग्नातल्या शालूची होती. पेटीतला तो शालू त्यांनी एकदा मला हौसेनं दाखवला होता. मी एक शब्द बोलले असते तर पुरलं असतं. पण कुणी माझी दृष्ट काढत होतं, कुणी वारा घालत होतं. एवढं कौतुक सोडवतं का कुणाला? झुडूप जाळलं तेव्हा मी बावळट होते. गप्प बसले तेव्हा नव्हते.

सासऱ्यांनी त्यांच्या माहेरी, मोताळ्याला निरोप धाडला. वच्छलाबाईंचा भाऊ त्यांना कायमचं न्यायला आला. एसटीच्या थांब्यापर्यंत मी मागं मागं गेले. माफी मागायची होती, पण तोंडातून निघालं ते असं, “जाऊबाई, डोंगरात रानतुळशी काय कमी आहेत? मी दुसरी आणून लावते ना.”

त्यांनी गाठोडं काखोटीला मारलं आणि गाडीची पायरी चढता चढता म्हणाल्या,

“डोंगरात हजार असतीन वं. हळद मी एकीलेच लावली होती.”