दोन काठांची एक पेटी

पडदा उघडतो. डिसेंबरातली सकाळ. बाहेर गुडघाभर बर्फ, आत बेरेझ्कोवो गावाचं सांस्कृतिक भवन. उजवीकडे लाल कापडाने सजवलेली मतपेटी. डावीकडे खाण्याचं टेबल: कोबी भरलेल्या पिरोझ्की, सॉसेजचे काप लावलेला पाव आणि एरवी आमच्या दुकानात औषधालाही न मिळणारी संत्री. मध्ये अकॉर्डियन, आणि अकॉर्डियनमागे मी. मतदानाच्या दिवशी जिल्ह्याच्या नाटक मंडळीने गावोगाव जाऊन लोकांची करमणूक करायची, ही आमच्याकडची पद्धत. लोक संत्र्यांसाठी येत, गाण्यासाठी थांबत आणि आलोच आहोत तर म्हणून मत देऊन जात.

आता प्रवेश: कापितोलिना येगोरोव्हना. पायात नमद्याचे, दाबलेल्या लोकरीचे बूट, डोक्याला लोकरी शाल, काखेत छोटी फिरती पेटी. शाळेत भूगोल शिकवणारी आणि मतदान केंद्राची प्रमुख. येता येता तिने माझ्यावर पहिला घाव घातला.

"वेन्या, जरा जिवंत काहीतरी वाजव रे. मयतीला आल्यासारखे लोक उलट्या पावली परत चाललेत."

मी चाल बदलली. तिने पेटी घसरगाडीवर बांधली आणि गोठलेल्या नदीवरून पलीकडे ओसोकिनोला निघाली.

तो तिचा दरवेळचा रिवाज होता. ल्युदा नदीच्या या काठाला आम्ही, त्या काठाला ओसोकिनो. तिथे ना शाळा, ना डॉक्टर, ना पावाची भट्टी. मतदान केंद्र तर नव्हतंच. म्हणून कापितोलिना, आमची कापा, पेटी घेऊन घरोघर जायची. लोक सणाचे कपडे घालून बसलेले असत. शेवटचं घर तिच्या थोरल्या बहिणीचं, लुकेरियाचं. तिथे पोचेपर्यंत कापाच्या पोटात इतका चहा गेलेला असायचा, की बहीण म्हणायची, "ये, पाणीसाठ्याचं महामंडळ आलं."

जुन्या राजवटीत मतपत्रिकेवर एकच नाव असे. मग राजवट गेली आणि एका डिसेंबरात मतपत्रिकेवर भलीमोठी यादी आली. लुकेरिया वैतागली.

"कापा, ही काय जत्रा? पूर्वी एकच नाव असायचं, डोकं शांत राहायचं."

"ताई, आधी वाच तरी."

"चष्मा सापडत नाहीये."

"नाकावर आहे तुझ्या."

त्या वर्षी आमच्या मतदारसंघातून सावेली बुग्रोव्ह निवडून आला. गुरांचा डॉक्टर. दोन्ही काठांच्या गायींच्या पोटात त्याचा हात जाऊन आलेला, त्यामुळे वेगळा प्रचार करायची गरजच पडली नाही. मॉस्कोला संसदेत तो काय बोलला ते कुणाला ठाऊक नाही. पण त्याने अधिकाऱ्यांच्या दारात बसून बसून नदीवर मोटारीवर चालणारी फेरीबोट आणली; आम्ही तिला नुसतं फेरी म्हणायचो. उन्हाळ्यात लुकेरिया फेरीतून दूध घेऊन यायची, संध्याकाळी पाव आणि बहिणीच्या चार शिव्या घेऊन परत जायची. कापा मुलांना नकाशावर बोट ठेवून सांगायची, "ही नदी. आणि हा आपला मतदारसंघ, नदीच्या दोन्ही बाजूंना. शर्टाला मध्ये गुंड्या असतात ना, तशी ही नदी."

मग वरून हुकूम आला की आता मतदारसंघच नाहीत. मत पक्षाला द्यायचं, माणसाला नाही. बुग्रोव्ह परत गायींकडे गेला. संत्री तर केव्हाच बंद झाली होती. आमची नाटक मंडळीही मोडली. तरी कापा पेटी घेऊन पलीकडे जातच राहिली.

काही वर्षांनी मतदारसंघ परत आले, पण नव्या नकाशावर. शहरं कलिंगडासारखी कापून एकेक फोड दूरदूरच्या जंगलाला जोडली होती. आमच्याकडे रेष नदीच्या मधोमध ओढलेली. बेरेझ्कोवो एका मतदारसंघात, ओसोकिनो दुसऱ्या. त्याचं मुख्य ठिकाण इतकं लांब, की तिथल्या माणसाने आमची नदी स्वप्नातही पाहिली नसेल. कापाने तो नकाशा स्वतःच्या हाताने भवनाच्या भिंतीवर लावला आणि बराच वेळ समोर उभी राहिली.

"नदीची सीमा करणारा माणूस नदीकाठी कधी राहिलाच नसणार, वेन्या."

वसंतात बर्फ फुटला आणि फेरी सुरूच झाली नाही. या काठचं कार्यालय म्हणे, प्रवासी पलीकडचे, पलीकडच्यांना विचारा. पलीकडचं कार्यालय म्हणे, फेरी बांधलेली तुमच्या काठाला, तुम्हीच बघा. फेरी वाळूवर ओढली ती तिथेच गंजली. लुकेरियाचे पाय तोवर सुजून खांबासारखे झाले होते. कापाने तिला आपल्याकडे येऊन राहायला विनवलं.

"आणि गायीला कुठे ठेवू? तुझ्या सोफ्यावर?" लुकेरिया म्हणाली.

नंतर घोषणा झाली की म्हातारा बुग्रोव्ह आमच्या काठाकडून पुन्हा उभा राहतोय. कापाच्या चेहऱ्यावर रंग आला. बुग्रोव्ह आला तर फेरी येईल, फेरी आली तर ताईला हिवाळ्याआधी डॉक्टरकडे नेता येईल. तिचं राजकारण एवढंच होतं.

यावेळी मतदान सप्टेंबरात होतं, नदी मोकळी. सकाळी कापाने आमच्या काठावरच्या आजाऱ्यांची मतं फिरत्या पेटीत घेतली. मी सवयीने अकॉर्डियन घेऊन गेलो होतो, कुणी बोलावलं नसताना. नियमाप्रमाणे पेटीबरोबर दुसरा सभासद लागतो, म्हणून ग्रंथपाल नेल्ली सोबत होती. काठाशी आलो तर पलीकडे ओसोकिनोची म्हातारी मंडळी बाकांवर ओळीने बसलेली. सणाचे कपडे. कुणीतरी रुमाल हलवला.

कापा होडीकडे वळली. नेल्लीने तिची बाही धरली.

"कापितोलिना येगोरोव्हना, ओसोकिनो आता आपलं नाही."

"मग कुणाचं?"

"दुसऱ्या मतदारसंघाचं."

"त्यांनी पाठवली का पेटी?"

"रस्ता वाहून गेलाय म्हणे."

"मग बस होडीत. मत ते मत. मोजताना वेगळं काढतील."

आयुष्यभर सीमा शिकवणारी बाई हे म्हणाली. मला वाटतं, तिला नियम ठाऊक होता. पण समोर बाकावर बहीण बसलेली असताना नियम आठवत नाही. त्या काठावर मी वाजवलं, दोन म्हाताऱ्या नाचल्या. लुकेरियाने बुग्रोव्हच्या नावासमोर खूण केली आणि पत्रिकेची घडी बोटाने दाबून दाबून पेटीत टाकली. "जा, आण तुझी फेरी," ती बहिणीला म्हणाली.

संध्याकाळी पेटी उघडली. घरी मत घेण्यासाठी जितके अर्ज आले होते, त्याहून जास्त पत्रिका निघाल्या. आमच्याकडे कायदा असा, की असं झालं तर त्या पेटीतली सगळी मतं बाद, वेगळं काढणं वगैरे नाही. ओसोकिनोची गेलीच, सकाळी घेतलेली आमच्या आजाऱ्यांचीही गेली. एका निरीक्षकाने मोठ्याने कलम वाचून दाखवलं. कापा उभी होती, पाठ ताठ, ओठ पांढरे.

तिचं प्रमुखपद गेलं. बुग्रोव्ह पडला, आणि असा पडला, की ती पेटी जमेस धरून पुन्हा पुन्हा मोजली असती तरी काही फरक पडला नसता. जंगलापलीकडच्या गावांनी कुणा भलत्यालाच भरभरून मतं दिली होती. हे ऐकून कापा हसली. रंगभूमीवर मी पुष्कळ रडणं पाहिलं, पण तसं हसणं पुन्हा पाहायला नको.

नोव्हेंबरात नदी गोठू लागली. त्या दिवसांत पाण्यात बर्फाचा चिखल वाहतो. होडी चालत नाही, पाय ठेवता येत नाही. लुकेरियाला धाप लागली. आमची रुग्णगाडी काठापर्यंत आली आणि थांबली. पलीकडची गाडी रस्त्यात अडकली. कापा पाण्याच्या कडेला फोन कानाला लावून उभी.

"ताई, दाराची कडी काढून ठेव."

"काढलेलीच आहे गं. पण येणार कोण?"

"मी येते."

"वेडी की काय? बुडशील. गायीला पाणी दिलंय मी, काळजी नको करू."

त्यानंतर फोन चालू होता, आवाज नव्हता. कापा अंधार पडेपर्यंत तिथेच उभी राहिली. बर्फ माणसाला पेलण्याइतका धरला तेव्हा आम्ही पायी पलीकडे गेलो आणि लुकेरियाला पुरलं.

पुढच्या संसदेच्या मतदानापर्यंत कापाने अंथरूण धरलं होतं. ओसोकिनोत आता मोजक्याच धुराड्यांतून धूर निघायचा. मी रोज तिच्याकडे जाऊन बसायचो, तिला काही वाजवायला नको असायचं. मतदान सुरू झालं तेव्हा नेल्ली आली, आता तीच केंद्राची प्रमुख. काखेत फिरती पेटी, हात गारठून लाल. पलंगाजवळ वाकून म्हणाली, "कापितोलिना येगोरोव्हना, तुमचं मत घ्यायला आलेय."

कापाने डोळे उघडले. त्याच आठवड्यात ती गेली; आता जे बोलली, ते तिचं शेवटचं बोलणं.

"पलीकडे जाणार आहेस?" तिने विचारलं.

नेल्लीने माझ्याकडे पाहिलं. मग हळूच म्हणाली, "नाही हो. ते आपल्याकडे येत नाही."

"मग चहा पी आणि पेटी घेऊन जा."