बट, मान आणि पाय

नव्या हिरोचा तो पहिलाच सिनेमा मी पंचवीस वर्षांपूर्वी नगरला पाहिला आणि माझं डोकं फिरलं. तो कपाळावर केसांची बट सोडायचा, मीही सोडली. तो मान तिरकी करून हसायचा. मी तसा हसलो की आई विचारायची, "बिभीषण, मान अवघडली का रं?" तरी अख्ख्या श्रीगोंदा तालुक्यात माझ्या तोडीचा दुसरा नाही, याबद्दल मला शंका नव्हती.

त्याच थाटात मी सुकन्याला पाहायला गेलो. पहाटेपासून उसाला पाणी दिलं होतं, घरी आलो तो थेट आरशापुढे बसलो. पाहुण्यांनी दारात पाय धुवायला पाणी ठेवलं होतं, पण वाकलो तर बट विस्कटेल म्हणून मी तसाच आत गेलो. पोहे खाताना दोनदा मान तिरकी केली. होकार आला. काम बटेनेच केलं, असं मी धरून चाललो. पुढे बट गेली, तिच्यामागोमाग बाकीचे केसही गेले. मान मात्र अजून तिरकी होते.

यंदा तोच सिनेमा पुन्हा लागला. आमच्या लेकीने, राजनंदिनीने, मोबाईलवर तिकिटं काढून दिली. मी हिरोसारखे पांढरे बूट घेतले. पायाला चावत होते, पण दुकानात तेवढेच होते. हिरोला पाहून तुम्ही आठवता, एवढं मला सुकन्याच्या तोंडून एकदा ऐकायचं होतं. तिने माझं कौतुक कधी केलं नाही, आणि खरं सांगतो, ते मला लागून राहिलं होतं.

थेटरात माझ्याच वयाचे टकले शिट्ट्या मारत होते. हिरोने बट उडवली तसं मी सुकन्याला कोपराने डिवचलं.

"कोन आठवतं?"

"कोन?"

"मी! तुला बघायला आल्तो तवा असाच दिसत हुतो."

"मला काय म्हाईत? मान वर कुटं करू देत हुते? मी तर तुमचं पायच बघितलं."

"पाय?"

"घोट्यापतोर चिखल वाळल्याला. म्हनलं, रानातनं उठून आलाय, कामाचा गडी हाय. आईला लगीच सांगितलं, हाच."

पंचवीस वर्षं मी भलत्याच अवयवाची निगा राखली होती. हसावं की रडावं कळेना, पण ऊर भरून आला.

पडद्यावर हिरो समुद्राच्या पाण्यात नाचत होता. सुकन्या त्याच्याकडे संशयाने बघत म्हणाली, "मघाधरनं बघतीया, पान्यात शिरला तरी ह्यानं बूट काय काढला न्हाई. असल्या मानसाला वळखावं तरी कसं?"

मी खुर्चीखाली हळूच बूट काढले.